माझी कुरकुर

बसा मित्रांनो, पण जरा हळू. मी एका संगीतकाराची जुनी लाकडी खुर्ची आहे. ज्या झाडातून मला घडवलं, त्यावरचा कावळासुद्धा सुरात ओरडायचा असं म्हणतात. कोण म्हणतं? मीच.

माझे मालक सिनेमांच्या गाण्यांना चाली लावत. डोळे मिटून ते माझ्यावर पुढेमागे डुलायचे, मी कुरकुरायचे आणि त्या तालावर चाल सुचायची. एका गाण्याला तर थिएटरातल्या खुर्च्याही नाचल्या. त्या माझ्या चुलत बहिणी, म्हणून आतली बातमी मला कळते.

मग दिवस फिरले. लागोपाठ सिनेमे पडले. हाती उरली एका सिनेमाची अंगाई. निर्मात्यानं बजावलं होतं, संध्याकाळपर्यंत चाल झाली नाही, तर सिनेमा दुसऱ्याला देईन.

नेमकं त्याच सकाळी ध्वनिमुद्रकानं माझ्या सांध्यांत तेल ओतलं. "गायिकेपेक्षा हिचाच आवाज टेपवर जास्त येतो," तो म्हणाला. हेतू चांगलाच होता बिचाऱ्याचा. मी मात्र मुकी झाले.

मालक डुलले, थांबले, पुन्हा डुलले. दुपार कलली तरी काही सुचेना.

"संपलो गं मी," ते बायकोला म्हणाले. बाई त्यांच्याच वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवायच्या.

"अहो, तुम्ही कुठले संपताय? ही गप्प झालीय," बाई म्हणाल्या. "माझी कुरकुर जन्मात ऐकू आली नाही, आणि हिची थांबली तर जीव कासावीस."

"तुझी तालात नसते गं."

बाईंनी फडक्यानं माझं तेल निपटून काढलं. मग व्हायोलिनच्या पेटीतून राळेचा खडा काढला. गजावर राळ घासली नाही, तर तो तारेवरून नुसता घसरतो, आवाज निघत नाही. तीच राळ कुटून त्यांनी माझ्या सांध्यांत भरली.

मालक बसले. कर्र... कुर्र. दिवे लागायच्या आत अंगाई तयार झाली. या खेपेला ध्वनिमुद्रकानं एक माईक मुकाट्यानं माझ्या पायाशी आणून ठेवला. सिनेमा बघताना लोकांना वाटतं, आई पाळणा हलवतेय.

मालक आता नाहीत. बाई कधीकधी त्या अंगाईची तबकडी लावतात आणि माझ्यावर बसून डुलतात. एक मी तबकडीतली, एक मी खोलीतली, दोघी मिळून कुरकुरतो. बाईंचे डोळे मिटलेले असतात.

मित्रांनो, घरातल्या जुन्यापान्या वस्तूंना जपा. धूळ पुसा, ढिला खिळा ठोका. तेल मात्र घरातल्यांना विचारून घाला.