निर्माल्यात गेलेलं मॅन्युअल

रद्दीत घातलं असतं तर निदान शोधता तरी आलं असतं. मी ते निर्माल्यात घातलं, ही माझी अक्कल.

ते म्हणजे यांच्या मोटारसायकलचं सर्व्हिस मॅन्युअल. माझे मिस्टर नागोराव यांनी बिबवेवाडीत तीस वर्षं गॅरेज चालवलं. यवतमाळहून आलो तेव्हा दोन पत्र्याच्या पेट्या आणि हे पुस्तक, एवढाच आमचा संसार होता. दरवर्षी पितृपक्षात हे स्वतःच्या टू-स्ट्रोक गाडीचं इंजिन खोलायचे, नवरात्रात जोडायचे आणि खंडेनवमीला पान्हे, गाडी, मॅन्युअल अशी सगळ्यांची पूजा व्हायची. पुस्तकाच्या पानापानात हळदकुंकू शिरलं होतं. चार वर्षांपूर्वी गॅरेज बंद केलं आणि इंजिन खोलणंही थांबलं. मागच्या वर्षी पुस्तकाची शिवण सुटली आणि पानं घरभर उडायला लागली. पूजेतली वस्तू रद्दीवाल्याच्या तराजूत कशी टाकायची? अनंत चतुर्दशीला गणपतीच्या हारांबरोबर निर्माल्य कलशात सोडलं, वर हातही जोडले. फार शहाणपणाचं काम केलं असं वाटलं होतं.

त्यानंतर यांचं विसरणं वाढलं. आधी किल्ली, मग गल्ली, मग मुलीचं नाव. डॉक्टरांनी आजाराला मोठं इंग्रजी नाव दिलं आणि औषध मात्र धड दिलं नाही. म्हणाले, हाताला जे येतं ते करू द्या. म्हणून यंदा पितृपक्षात यांनी आपणहून पान्हे मागितले तेव्हा मला आनंदच झाला. पूर्वी आमच्याकडे शिकलेला रामदास आता कात्रजला स्वतःचं गॅरेज चालवतो. त्याने खालून इंजिन काढून वर हॉलमध्ये आणून दिलं. दोन दिवसांत यांनी ते पार सुटं केलं. माझ्या दोन्ही पराती पार्टांनी भरल्या.

आणि तिथेच सगळं थांबलं. रोज सकाळी हे परातीसमोर बसायचे, एखादा पार्ट उचलायचे, उलटसुलट करून खाली ठेवायचे. "कोणी नेलं बाप्पा," एवढंच म्हणायचे. एके दुपारी स्वयंपाकघरातून पाहिलं तर हातात पिस्टन घेऊन रडत होते. छत्तीस वर्षांत हा माणूस रडलेला मी पाहिला नव्हता. आई गेली तेव्हाही नाही. मग यांनी मॅन्युअल मागितलं. मी म्हटलं, माळ्यावर असेल, शोधते. खोटं बोलले. दुसरं काय बोलणार होते?

गाडी चालू झाली नसती तरी मला चाललं असतं. इंजिन जोडताना का होईना, माझा माणूस जागेवर यावा, एवढंच हवं होतं.

नाना पेठेत पार्टांच्या सात दुकानांत गेले. सातव्याने मला आपादमस्तक पाहिलं. "मावशी, ती गाडी बंद होऊन जमाना झाला. पुस्तक मिळालं तर आम्हालाच आणून द्या, काचेत लावतो." बुधवार पेठेत जुन्या पुस्तकांच्या दुकानात विचारलं, तर मालकाने मान वर न करता सांगितलं, "दुरुस्ती करायचे दिवस गेले. लोक नवीन घेतात." मला म्हणावंसं वाटलं, बाबा, नवीन घेण्यासारखी वस्तू असती तर तुझ्या दारात कशाला आले असते? म्हटलं नाही. पायऱ्या उतरले आणि रस्त्यावर उभी राहून रडले. दगडूशेठच्या दर्शनाची रांग बाजूने सरकत होती. आमच्या पुण्यात भर रस्त्यात रडणाऱ्या बाईला कोणी विचारत नाही, हे त्या दिवशी बरंच वाटलं.

उत्कर्षा, आमची मुलगी, हिंजवडीला कंपनीत आहे. तिने इंटरनेटवरून एक मॅन्युअल उतरवून ऑफिसात छापून आणलं. यांनी पहिलं पान पाहिलं, म्हणाले, "ही फोर-स्ट्रोक आहे," आणि गठ्ठा बाजूला सारला. महिनाभरात बोललेलं ते पहिलं धड वाक्य. म्हणजे आत कुठेतरी हे होते अजून.

शेवटी रामदासच उपयोगी पडला. शिकत असताना त्याने यांच्याच मॅन्युअलची झेरॉक्स काढून ठेवली होती. घटस्थापनेनंतर तीन दिवसांनी घेऊन आला. हळदकुंकवाचे डाग झेरॉक्समध्ये काळे आले होते. "वहिनी, थोडी वाळवी लागलीय, पण इंजिनचं सगळं आहे," म्हणाला. मला त्याच्या पायाच पडावंसं वाटलं.

दुसऱ्या दिवशी उत्कर्षा ऑफिसला गेल्यावर मी यांच्यासमोर पाट घेऊन बसले आणि वाचायला लागले. माझं इंग्रजी दहावीचं. बोट ठेवून, अडखळत वाचलं. क्रँक, बेअरिंग, गॅस्केट. हे ऐकत होते. मग हात हलला. परातीतून नेमकं बेअरिंग उचललं, तेल लावलं, बसवलं. मी पान उलटलं. रिंगच्या ओळीपाशी माझी जीभ अडकली, तर हे वर न बघता म्हणाले, "रिंगचं तोंड खाचेतल्या पिनेवर आलं पाहिजे. नाहीतर सिलिंडर फाडेल."

किती दिवसांनी हा आवाज ऐकला. गॅरेजमधला, ठाम, जरा खेकसणारा. मी वाचत राहिले, हे जोडत राहिले. सिलिंडर बसला, हेड बसलं, नट ओढले गेले. एक वाजला, दोन वाजले, जेवणाची शुद्ध राहिली नाही. मनात म्हटलं, आता मान वर करतील, म्हणतील, सुशीला, चहा टाक.

यांनी फडक्याने हात पुसले. मान वर केली. माझ्याकडे अगदी नीट, अदबीने पाहिलं.

"ताई, बाकीचं उद्या. शनिवारी आपल्या मालकांना पाठवा गाडी न्यायला."

मी म्हटलं, "अहो, मी सुशीला."

हे हसले. "माझ्याही बायकोचं नाव सुशीलाच. जेवायची थांबली असेल ती. माझ्याशिवाय जेवत नाही. बंद करू ना आता?"

गिऱ्हाईक समोर असताना यांनी कधी दुकान बंद केलं नाही. हे पान्हे गुंडाळून उभे राहिले आणि माझ्या उठण्याची वाट बघायला लागले. चेहऱ्यावर घरी जायची ओढ होती. माझ्याकडे यायची. मला तो चेहरा मोडवेना.

मी उठले, चपला घातल्या आणि दाराबाहेर गेले. यांनी मान लववून नमस्कार केला. आतून कडी लागली.

उत्कर्षा यायला अजून चार तास होते. मी जिन्यात बसले. आतून हाक आली, "सुशीला, वाढ गं." थोड्या वेळाने पुन्हा आली. मग येतच राहिली.

मी दार वाजवलं.

"बंद झालंय," आतून हे म्हणाले. "उद्या या."