डुलक्याच्या झोपेचा खटला

"आता मी जे सांगणार, त्यावर तुमच्यापैकी एकाचाही विश्वास बसायचा नाही," गिरणीच्या दारात बूड टेकता टेकता डुलक्या गाडीवानानं बजावलं आणि मोडका पाय असा लांब पसरला, की आत जाणाऱ्याला तो ओलांडताना चौकशी करणं भागच पडावं.

"मग सांगतोस कशाला?" गिरणीवाला आतून ओरडला.

"तुमची सुधारणा व्हावी म्हणून."

दळणाला नंबर लावून न्हावी, सुतार अन् दोन म्हाताऱ्या बसल्या होत्या. त्यांनाही दुसरा उद्योग नव्हता. गिरणीच्या घरघरीवर आवाज चढवून डुलक्या सुरू झाला.

निम्मी हकिगत गावाला पाठ होती. भर दुपारी बांधकामावर विटा उतरवून डुलक्या रिकामी गाडी घेऊन परतत होता. म्हणजे बैल त्याला घेऊन परतत होते. गाडी डांबरी रस्त्याला लागली की हा पोत्यावर आडवा व्हायचा आणि बैल दारात थांबले की उठायचा; बारा वर्षांचा शिरस्ता. त्या दिवशी मागून भाजीचा टेम्पो आला. गाडीचा चुराडा झाला. जू तुटलं म्हणून बैल वाचले, ते शांतपणे घरी जाऊन गोठ्यात उभे राहिले. डुलक्या शेजारच्या नांगरटीत पडला, पाय दोन ठिकाणी मोडून.

गाडी पुन्हा उभी करायची तर पुरती भरपाई हवी होती. गाडी नाही तर भाडं नाही, भाडं नाही तर चुलीवर काय ठेवायचं? आणि विमा कंपनीचा वकील म्हणत होता, हा रस्त्यावर झोपला होता, निम्मा दोष याचा, निम्मे पैसे कापा. डुलक्याच्या वकिलानं त्याला पंधरा वेळा पढवलं होतं, 'जागा होतो' एवढंच म्हणायचं. पण दोन शब्दांत थांबेल तो डुलक्या कसला?

"जागा होतो साहेब," साक्षीच्या पिंजऱ्यात तो म्हणाला, "टक्क जागा. मला तर रात्रीसुद्धा झोप लागत नाही."

"टेम्पोचा हॉर्न ऐकलात?" कंपनीच्या वकिलानं लोण्यासारख्या आवाजात विचारलं.

"ऐकला की. चांगला तीनदा."

"तीनदा ऐकूनही गाडी बाजूला का घेतली नाहीत?"

"वाजवला तीनदा, पण... हळू वाजवला."

मागच्या बाकावरून त्याची बायको ताडकन उठली. "अहो, पुरे करा आता! साहेब, हे झोपलेच होते. दवाखान्यात डोळे उघडले अन् मला विचारतात, 'घर आलं का गं?'"

इथवरचं सगळं खरं. गावातल्या सहाजणांनी ते कानांनी ऐकलं होतं. पुढचं मात्र एकट्या डुलक्यालाच ठाऊक.

"जज्जसाहेबांनी चष्मा काढला. म्हणाले, गाडीवान झोपला होता तर गाडी कोण हाकत होतं? मी म्हटलं, बैल. म्हणाले, मग बैलांची परीक्षा घ्या! आवारात मला गाडीवर निजवलं. मी लागलो घोरायला..."

"लगेच?" न्हाव्यानं विचारलं.

"सराव आहे, बाबा. मागून पोलिसांची गाडी हॉर्न मारत आली. दोघं असे अलगद डावीकडे सरकले, जशी सासरच्यांसमोरून नवी सून! फाटकाशी थांबले, उजवीकडे बघितलं, डावीकडे बघितलं. कंपनीचा वकील आडवा आला, तर थोरल्यानं त्याला वाट दिली. अन् धाकट्यानं शेपटी वर केली..."

"पुढचं नको! इथं पीठ आहे," गिरणीवाला कळवळला.

"...शेपटी वर करून वळायचा इशारा दिला! तुमचीच मनं घाण." डुलक्या आता मोडका पाय विसरून गुडघ्यावर आला. "साहेबांच्या डोळ्यांत पाणी. म्हणाले, माझा ड्रायव्हर जागा राहूनसुद्धा असं चालवत नाही. बैल आपल्या बाजूनं, आपल्या चालीनं चालले होते. गाडीवान जागा असता तरी मागून बसायची ती धडक बसलीच असती. मग झोपेचा दोष कसला? दोष सगळा टेम्पोवाल्याचा. भरपाई पुरती द्या, पै न कापता!"

हे शेवटचं बोलताना त्याचा आवाज जरा जास्तच चढला. कोर्टातून परतल्यापासून हेच बोलणं तो रोज मनात घोळवत होता. त्या पिंजऱ्यात मात्र त्यातला एक शब्द सुचला नव्हता.

तेवढ्यात दळण संपलं, गिरणी थांबली. सुतारानं मिशीवरचं पीठ झटकलं.

"अरे डुलक्या, परीक्षेला गाडी कुठली नेलीस? तुझी तर धडक बसल्या दिवसापासून माझ्या छपरात पडलीये. आलेल्या निम्म्या पैशांत तिचं एक चाक झालंय, दुसरं अजून झाडालाच आहे!"