कोपऱ्यातला खडा

चहाच्या अड्ड्यावरच्या झाडाखाली हाजी शाझलीच्या अर्ध्या दाढीवरून वस्तरा फिरला होता, उरलेल्या गालावर साबण तसाच होता, आणि नेमक्या त्या घडीला झैनहुम न्हाव्याने काडी टाकली.

"हाजी, लोक म्हणतात सीगाच्या पटावर खडे हलवताना तुमचा हात हल्ली थरथरतो."

"कोण हरामखोर म्हणतो?"

"मान हलवू नका. वस्तरा आहे."

चहावाला बिशाराकाका खो खो हसला. "लागू दे पैज! हरेल त्याने माझ्या गाढवावर उलटं बसून गावातनं फिरायचं."

"आणि जिंकणारा सांगेल ते दारोदार ओरडायचं," झैनहुमने शेपूट जोडलं.

"लागली!" शाझली खुर्चीतून ताडकन उठला. "तुझ्या बापाला शेवटी शेवटी खडे मोजता येईनात, तुला काय येणार रे?"

झैनहुम गोड हसला आणि वस्तरा पुसून ठेवला. गेली दोन वर्षं तो हे वाक्य पोटात घेऊन हिंडत होता.

दोन वर्षांपूर्वी याच झाडाखाली त्याचा बाप हमझावी शाझलीशी खेळला होता. म्हाताऱ्याच्या डोळ्यांत मोतीबिंदू, सगळा खेळ बोटांनी चाचपून. शेवटी मोजणी झाली, तर म्हातारा एका खड्याने कमी. "अरे, कोपऱ्यात होता माझा एक," तो पुन्हा पुन्हा म्हणत राहिला. अख्खा चहाचा अड्डा हसला. झैनहुमही हसला होता. त्यानंतर म्हातारा पटाशी कधी बसलाच नाही. आपलं डोकं गेलं असं धरून बसला आणि हिवाळ्यात गेला.

न्हाव्याला लोकांच्या पाठीमागे उभं राहायची सवय. महिन्यापूर्वी एका गिऱ्हाइकाची मान भादरताना झैनहुमला दिसलं, शाझली चहाचा पेला उचलतो तेव्हा त्याची ती लांबरुंद बाही पटावरून झाडूसारखी फिरते. पेला वर, खडा गुल!

जमिनीवर पाच बाय पाच खळग्यांचा पट होताच. झैनहुमचे काळे खडे बारा, शाझलीचे विटकरीचे तुकडे बारा. एका पाळीला दोन-दोन मांडायचे, मधलं घर रिकामं ठेवायचं. झैनहुमने पहिल्याच पाळीला एक खडा शाझलीच्या उजव्या हाताशी, कोपऱ्यात ठेवला.

"तिथे काय अंडी घालायला बसवलास?" शाझली म्हणाला.

"बसू द्या. गरीब आहे."

सीगात शत्रूचा खडा दोन बाजूंनी चेपला की मेला. कोपऱ्यातल्याला मात्र दोन बाजू मिळतच नाहीत. तो मरत नाही, आणि हलवायची गरजही नाही. म्हणूनच त्याच्या डोक्याला झैनहुमने उसाची काकवी फासली होती. काळ्यावर काळी, कुणाला दिसणार? माश्यांना दिसली. एक बसली, मग तिची आतेबहीण आली. झैनहुमला घाम फुटला. तो टॉवेलने वारा घालत राहिला.

"एवढं उकडतंय का रे?"

"तुमच्या खेळाची धग, हाजी."

शाझली हावरा. दिसला खडा की खा. झैनहुमने पाच खायला दिले, सहा खाल्ले आणि तेवढ्यात आपली भिंत उभी केली. पाच खडे एका ओळीत, मागे एक मोकळा, येरझाऱ्या घालायला. भिंत फोडता येत नाही. भिंत उभी राहिली की मोजणी, हा गावचा कायदा. झैनहुमचे सात, शाझलीचे सहा.

शाझलीने पटाकडे पाहिलं, मग कोपऱ्याकडे. एक खडा गेला तर बरोबरी, आणि पैज बारगळली.

"बिशारा, चहा."

झैनहुमने टॉवेल खांद्यावर टाकला आणि मुद्दाम दुसरीकडे पाहत शीळ घातली.

पेला वर गेला. बाही फिरली. शाझलीने घोट घेतला, ऐटीत हात खाली आणला आणि म्हणाला, "हं, मोजा."

कुणी मोजेना. सगळे त्याच्या बाहीकडे बघत होते. पांढऱ्याशुभ्र कापडावर काळा खडा लोंबत होता आणि त्याच्यावर एक माशी आरामात बसली होती.

"हाजी," बिशाराकाका हळूच म्हणाला, "तुमच्या बाहीला खडा आलाय."

शाझलीने हात झटकला. खडा हलेना. पुन्हा झटकला, तसा तो दुसऱ्या बाहीला जाऊन चिकटला. अड्डा हसला, पण या वेळी झैनहुम हसला नाही. त्याने शाझलीच्या कानात दोन ओळी सांगितल्या.

"हे नाही ओरडणार मी. दुसरं काहीही सांग. गाढव आहे म्हणून सांग."

"ते लोकांना दिसतंच आहे. हेच ओरडायचं."

पैज म्हणजे पैज. बिशाराकाकाने गाढव आणलं. शाझली शेपटाकडे तोंड करून बसला. एका गालावर दाढी, एक गाल गुळगुळीत. पिठाची गिरणी, मशीद, खाटकाचं दुकान, दर दारापाशी गाढव थांबे आणि शाझली पुटपुटे, "म्हातारा हमझावी बरोबर मोजत होता. खडा मी चोरला."

शेवटचं दार झैनहुमच्या आईचं. ती चुलीवरची भाकरी तशीच टाकून उंबऱ्यात आली. शाझलीने मान खाली घालून दोन्ही ओळी म्हटल्या.

"मोठ्याने बोल," ती म्हणाली. "कबरस्तान लांब आहे."