येळवशीचं बोलावणं

रणधीर माझ्या भावाचा मुलगा. त्यानं मला कागदावर मारलं. "आत्या मयत, मूलबाळ नाही, वारस आम्हीच," असं शपथेवर लिहून देऊन वडिलांमागं माझ्या नावावर आलेला बेंबळीतला ओढ्याकाठचा तुकडा त्यानं स्वतःच्या नावावर केला आणि विकायला काढला. मी तेव्हा अणदूरला माझ्या घरी शेंगा फोडत बसले होते. मूलबाळ नाही हे खरं. बाकी सगळं खोटं.

मला कळवलं कल्याणप्पानं. त्याचं शेत माझ्या बांधाला लागून. मी पोलिसांत गेले, फसवणुकीचा गुन्हा दाखल झाला आणि रणधीरची झोप उडाली. त्याला गावच्या विकास सोसायटीची निवडणूक लढवायची होती. मग तडजोडीची बोलणी झाली, शेत माझ्या नावावर परत आलं. मी हायकोर्टाच्या खंडपीठात संमतीचं शपथपत्र द्यायचं आणि गुन्हा रद्द व्हायचा, एवढंच उरलं.

मार्गशीर्षात रणधीरचे वकील गौरीशंकर त्याला घेऊन अणदूरला आले. कागद तयार होता.

"माझी एक अट ऱ्हायली," मी म्हणाले. "यंदाची येळवस माझ्या शेतात. बोलावणं रणधीरनं करायचं. पायानं, बांधाबांधानं. सही त्याच्यानंतर."

वकील हसले. "आजी, असली अट तडजोडीत कुठं लिहू?"

"लिहूच नका. लिहिलेलं लई बघितलं म्या."

"आत्या, लोक हसतील," रणधीर म्हणाला.

"मी मेले तवा कुणी रडलं न्हाय. आता हसू दे की."

मार्गशीर्ष अमावस्येला आमच्याकडं सारं गाव शेतात जेवतं, ती येळवस. लहानपणी आई आंबिलीचा डेरा डोक्यावर घेऊन पुढं चालायची, मागं मी बाजरीच्या उकडलेल्या उंड्यांची पाटी घेऊन. शेतात कडब्याची कोप, म्हणजे खोपी, आत चुन्यानं रंगवलेले पाच दगडांचे पांडव. वडील वाटेनं जाणाऱ्याला हाळी द्यायचे. अनोळखी असला तरी हाताला धरून पंगतीला बसवायचे. कुणाच्या शेतात पालेभाज्या-शेंगांची भज्जी चांगली झाली होती, हा विषय पुढच्या येळवशीपर्यंत निघायचा, आणि त्याबरोबर त्या शेताच्या धन्याचं नाव. माझं लग्न झालं, वडील गेले, तुकडा माझ्या नावावर आला. पण येळवस भावाच्या कोपीतच होत राहिली. मी तिथं पाहुणी म्हणून जेवून यायचे. कधी काही वाटलं नाही. वाटायला हवं होतं.

त्या दिवशी रणधीरची बायको राजेश्वरी फुगून का होईना, पहाटेपासून माझ्या हाताखाली राबली. कोप उभी राहिली. ऊन वर आलं तरी रणधीर मोबाइल घेऊन बांधावर बसलेला.

"बोलावणं?"

"गावाच्या ग्रुपवर टाकलंय, आत्या. शंभर जणांनी बघितलं."

"मग शंभर जण तिथंच जेवतील. ऊठ."

तो उठला. मी काठी घेऊन त्याच्या मागं निघाले. पहिलं शेत कल्याणप्पाचं.

"जेवायला चला, काका," रणधीर पुटपुटला.

"कुणाच्या शेतात?"

"आमच्या."

मी काठी आपटली.

"आत्याच्या," तो म्हणाला.

"कोण आत्या?" कल्याणप्पानं कपाळाला आठ्या घातल्या. "तुझी आत्या तर वारली म्हणं. आम्हाला तेराव्याचं जेवण बी घातलं न्हाईस, गड्या."

कोपीतल्या बायका तोंडाला पदर लावून हसायला लागल्या. रणधीरचे कान लाल झाले.

"हाय. जिवंत हाय."

"मोठ्यानं बोल की. आमच्या कमलबाईला कमी ऐकू येतं."

"माझी आत्या जिवंत हाय!" तो ओरडला. "शेत तिचं हाय! जेवायला चला!"

"चला की," कल्याणप्पा उठला. "धुरपदाक्का, आंबील हाय का संपली?"

पुढच्या बांधांवर त्याला पढवावं लागलं नाही. पंगत ओढ्यापर्यंत गेली.

जेवताना शेजारी बसलेली दगडाबाई मला म्हणाली, "धुरपदे, इतक्यावर सोडतीस त्याला? मी असते तर खडी फोडाया धाडला असता."

"तुझा भाचा तू धाड. माझा मी सोडते."

मग मी खंडपीठात गेले. संमती तपासणाऱ्या साहेबांनी विचारलं, "आजी, तुमच्यावर कुणाचा दबाव आहे का?"

"दबाव होता, साहेब. माझा, ह्याच्यावर. आता न्हाय."

साहेबांनी वकिलांकडं पाहिलं. वकील पंख्याकडं पाहू लागले. मी सही केली. गुन्हा रद्द झाला.

परतताना वाटेत चहाला थांबलो. रणधीर हलका झाला होता. त्यानं माझ्या बशीत स्वतः चहा ओतला.

"आत्या, एक विचारू? रागावू नका. तुमच्यामागं त्या शेताचं काय?"

"माझ्यामागं? घाई करू नको रं. एकदा केलीस तू." मी बशी रिकामी केली. "आन् पुढल्या साली तिथं करडई पेरायची का हरभरा, ते म्या ठरवीन. तू फक्त बोलावणं करायचं."

मी आणखी एक चहा सांगितला.