आगीला दिलेला आवाज

आमच्या माहितीपटासाठी मिळालेलं कारखान्याच्या आगीचं जुनं चित्रण जेमतेम चाळीस सेकंदांचं होतं आणि मुकं होतं. त्या काळच्या कॅमेऱ्यात आवाज यायचाच नाही. "मेल्यासारखं वाटतंय, काहीतरी घाल," म्हणून दिग्दर्शक चहाला निघून गेला. नेहमीचंच आहे त्याचं. अकरा दिवस संकलनाच्या खुर्चीत बसून माझी पाठ कामातून गेली होती. मी आवाजांच्या साठवणीतली धावपळ, आरडाओरडा आणि धोक्याचा भोंगा उचलून त्यावर ठोकून दिला. हाच भोंगा मी आधी तीन माहितीपटांत वाजवलाय. कोण ऐकतंय!

दुसऱ्या दिवशी त्या कारखान्याचे म्हातारे पहारेकरी मुलाखतीसाठी आले. त्यांना ते चित्रण दाखवलं.

"पुन्हा लावा," ते म्हणाले.

पुन्हा लावलं. मग आणखी एकदा. पाचव्या वेळी मात्र माझं डोकं फिरलं. "काका, आता पुरे की!"

त्यांनी पडद्यावरची नजर काढली नाही.

"भोंग्याची कळ माझ्या हाताशी होती, पोरी. ती न दाबताच मी पळालो. तो आज वाजतोय."