कठड्यापलीकडची वहिनी

माझी वहिनी राखीव जंगलातल्या गरम पाण्याच्या कुंडांवर रक्षक आहे. घरी भाजीत मीठ कमी पडलं तर ती निमूट खाईल, पण तिथल्या फळ्यांच्या वाटेवरून कुणाचा पाय खाली पडला की तिचं डोकं फिरतं. वरून टणक दिसणारी जमीन आतून पोकळ, अन् खाली पाणी उकळतंय. हे ऐकून ऐकून माझे कान किटलेत. स्वतः रक्षक मात्र कठड्याबाहेरच्या पक्क्या जमिनीच्या पट्ट्यावरून चालतात, लोकांवर नजर राहावी म्हणून.

महिनाभराच्या रजेनंतर ती कामावर गेली, त्याच दिवशी मी तिचा विसरलेला डबा द्यायला गेले. मधल्या काळात तो पट्टाच पोकळ झाला होता आणि फळ्यांची वाट त्याच्या दुसऱ्या अंगाला, जिथे आधी जायला मनाई होती तिथे हलवली होती. सकाळी तिचे साहेब नवा नकाशा दाखवत होते, तर बाईसाहेब म्हणाल्या, मी इथे डोळे मिटून फिरते. हे सगळं मला मागाहून कळलं.

वाफ अशी दाटली होती की डोळ्यांत बोट घातलं तरी दिसेना. मी कठडा धरून उभी होते. तेवढ्यात पलीकडे वहिनीची अंधुक आकृती दिसली आणि तिचा आवाज आला.

"तू बाहेर काय करतेस? आधी इकडे ये."

मी चक्रावलेच. पायाखाली तर फळ्या होत्या. पण वर्दी तिच्या अंगावर, तेव्हा चूक माझीच असणार. मी एक पाय कठड्यापलीकडे टाकला. मातीची धग चपलेतून लागली, तसा मागे घेतला. पुन्हा उचलला. डोकंच चालेना. बाहेर नक्की कोण, ती की मी?

मी फळ्यांवरच आहे म्हटलं, तर ती भडकली. मला शिकवू नकोस म्हणत मला आणायला तरातरा निघाली. ती जवळ आली तशी तिच्या पायाखाली फळ्या नाहीत हे मला दिसलं. पण ती तर नेहमीच फळ्यांशिवाय चालते. ओठांवर आलेले शब्द मी गिळले.

जमीन खचली. तिचा पाय बुटासकट आत गेला. मी वाकून तिचा दंड धरला आणि जीव खाऊन ओढलं.

दवाखान्यात पायाला पट्ट्या बांधून झाल्यावर तिने विचारलं, "तुला दिसत होतं ना? मग थांबवलं का नाहीस?"

"वाटलं, तुला ठाऊक असेल."

तिने पायावरची पट्टी चाचपली.

"मलाही तसंच वाटलं होतं," ती म्हणाली.