परत दिलेला ससा

टिंग! शांत दुपारी मी वाजलो आणि नुकतंच झोपलेलं बाळ दचकलं. आईने मला लेकीच्या हातातून घेतलं आणि पडद्यावरचं वाचलं. खरेदीची पावती होती ती.

मित्रांनो, मी एक जुना टॅब आहे. नवा होतो तेव्हा मला मऊ कापडाने पुसत. मग बाळ आलं आणि मोठ्या लेकीला गुंतवून ठेवायचं काम माझ्याकडे आलं. "हा आहे म्हणून चूल पेटते माझी," आई म्हणायची.

लेक माझ्यावर सशांचा खेळ खेळायची. खेळ फुकट. पण सशांची गाजरं नाण्यांनी मिळत, आणि नाणी खऱ्या पैशांनी. दिसायला मात्र ती गोळ्या-चॉकलेटांसारखी. मध्येच जाहिरात आली की लेक भोकाड पसरी. म्हणून त्या दुपारी, बाळाला थोपटता थोपटता, आईने जाहिराती बंद करायचे पैसे भरले, पासवर्ड टाकला आणि मला तसंच लेकीकडे दिलं.

एकदा पासवर्ड मिळाला की थोडा वेळ मी पुन्हा विचारत नाही. माझं सेटिंगच तसं ठेवलेलं होतं. लेकीने गाजरं घेतली, घर घेतलं, मग एक लंगडा पांढरा ससा घेतला. तिच्याच चष्म्यासाठी ठेवलेले पैसे गेले.

संध्याकाळी मामा आला.

"ताई, फुकट म्हणजे आत शिरायला फुकट गं!"

"अक्कल नको शिकवूस. पैसे येतील का ते सांग."

"लगेच मागितले तर येतील बहुतेक. पण घेतलेलं सगळं जाईल."

"जाऊ दे."

मामाने माझ्यावरूनच पैसे परत मागितले आणि माझं सेटिंग बदललं.

"आता हा दर वेळी पासवर्ड विचारेल, बघ. बायकोची बोलणी खाऊन शिकलोय मी हे."

पैसे परत आले. चष्माही आला. मला ना आनंद झाला, ना वाईट वाटलं. काचेला काय वाटणार? आई लंगोटांच्या घड्या घालत होती. मित्रांनो, आम्हांला जपा, पुसा; पण मुलांच्या हाती देण्याआधी आम्ही काय विचारतो आणि काय विचारत नाही, तेवढं बघत जा.

लेकीने खेळ उघडला. बोटाने सगळं गाव धुंडाळलं.

"आई, माझा लंगडू कुठंय?"

"परत दिला गं, ठमे."

"बरं." तिने गावातून पुन्हा एकदा बोट फिरवलं. "कुणाकडे दिलास? त्यांना माहितीये ना, त्याचा पाय दुखतो ते?"

आईच्या हातातली घडी तशीच राहिली.